एक तास पाहुणी

आमच्या घरात सगळेच मोठ्यानं बोलायचे. आई फोडणी देता देता ओरडायची, दादा दाढी करता करता ओरडायचा, आणि माझा आवाज तर असा की शाळेत प्रार्थनेच्या वेळी बाई मला मागच्या रांगेत उभं करायच्या. जबलपूरच्या फॅक्टरी क्वार्टर्सच्या भिंती पातळ. शेजारच्या चाची एकदा आईला म्हणाल्या, “बहनजी, आपके यहाँ रोज लड़ाई होती है क्या?” आई हसून म्हणाली, “नहीं जी, हम लोग नागपुर तरफ के हैं ना, ऐसेइच बोलते हैं.” माझाही त्यावर विश्वास होता. पुढं नागपूरला मामाकडं राहून आले, तिथं सगळे माणसांसारखे बोलत होते, तरी मला शंका आली नाही. मामाचं घरच जरा मवाळ आहे, असं म्हणून मी मोकळी झाले.

बाबा हॅमर शॉपमध्ये होते. वाफेचा घण, त्याच्याखाली लालभडक लोखंड, आणि घणाच्या दांड्यावर बाबा. त्या लोखंडाचं पुढं काय होतं हे घरात कुणी विचारत नसे आणि ते सांगत नसत. तो फॅक्टरीचाच नियम होता. पासष्टच्या लढाईत बारा-बारा तासांच्या पाळ्या झाल्या. तेव्हा ते घरी यायचे आणि जेवायच्या आधी बराच वेळ नुसते बसून राहायचे. शॉपमध्ये त्यांचा मान मोठा होता. ठोका नीट बसला की नाही हे मिस्त्रीजी आवाजावरून सांगतात, अशी ख्याती होती. दिवाळीला शॉपमधली माणसं घरी यायची आणि हीच गोष्ट पुन्हा पुन्हा सांगायची, आणि बाबा लाजून आईकडं बघायचे.

एकाहत्तर साली मी समाजशास्त्रात एम.ए. करत होते. फॅक्टरीतल्या मिस्त्र्याची पोरगी एम.ए. करते म्हणून बाबांना केवढं कौतुक. मी कुठलं पुस्तक आणलं की ते हातात घेऊन आधी बांधणी बघायचे आणि मग पहिलं पान वाचायचे. आमचे सर हिंदीतून शिकवायचे. धोतर, कोट आणि बोटांना सदैव खडू. त्यांचं एक लाडकं म्हणणं होतं. ते म्हणायचे, आपल्याला वाटतं जग नुसतं समोर पडलेलं आहे, डोंगर पडलेला असतो तसं. तसं नाही. घर, पाळी, मान, लाज, ‘आमच्यात असंच असतं’, हे सगळं माणसं रोज सकाळी उठून मिळून उभं करतात, आणि आपण उभं केलंय हे विसरून जातात. ते बघायचं असेल तर लोकांना विचारून उपयोग नाही, कारण त्यांनाही ते माहीत नसतं. छोटासा नियम मोडा आणि कोण कसं धावून येतं ते बघा.

दिवाळी झाल्यावर त्यांनी आम्हाला गृहपाठ दिला. “घर जाकर एक घंटा मेहमान बनकर रहिए. बस. फिर जो देखा, वही लिखिए.”

ओमतीतल्या दुकानातून मी दोनशे पानी वही आणली. आधी वहीत मराठीत जसं घडेल तसं टिपायचं, मग त्याचा हिंदीत निबंध करायचा, असा माझा बेत. मला फार हुशारी वाटत होती. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी दारात चपला नीट जोडून काढल्या आणि उंबऱ्याशी उभी राहून हळू आवाजात म्हणाले, “आत येऊ का?”

आई वाटाणे सोलत होती. पाटनकडचा नवा वाटाणा नुकता यायला लागला होता. “ये ना! काहून अशी उभी राहून राहिली?”

मी खुर्चीच्या कडेवर बसले. “थोडं पाणी मिळेल का? त्रास नसेल तर.”

“पाहुणी हायेस का तू? घे की हातानं!” आई म्हणाली. दादा खो खो हसला. “आई, हिला कॉलेजची हवा लागली.” हे सगळं मी मनात टिपून घेत होते.

तेवढ्यात बाबा पाळीवरून आले. बाहेरच्या खोलीत स्टुलावर बसून, मान खाली घालून बुटांच्या नाड्या सोडायला लागले. मी पाहुण्यासारखी उठून उभी राहिले आणि पाहुण्याच्याच आवाजात म्हणाले, “नमस्कार. दमला असाल ना?”

त्यांनी मान वर केली नाही. मी पुन्हा म्हणाले. ते नाडी सोडत राहिले. माझ्यापासून ते चार हातांवर होते.

आतून आई वाटाण्याची ताटली हातात घेऊनच आली. त्यांच्या समोर जाऊन उभी राहिली आणि नेहमीच्या आवाजात म्हणाली, “अहो, पोरगी विचारून राहिली, दमले का म्हणून!”

बाबा लगेच हसले. “नाही, नाही. आज काम कमी होतं.”

काम कमी नव्हतं. सरहद्दीवरच्या बातम्या वाईट होत्या आणि सगळ्या शॉपमध्ये जादा पाळ्या लागल्या होत्या. पण मी ते सोडून दिलं, कारण मला माझा तास पुरा करायचा होता. चहा पिताना मी त्यांना त्याच मऊ आवाजात चार गोष्टी विचारल्या. प्रत्येक वेळी माझा प्रश्न मध्येच जमिनीवर पडला आणि प्रत्येक वेळी कुणीतरी तो उचलला. एकदा दादानं, समोर जाऊन. तीनदा आईनं, जणू तिलाच ते विचारायचं होतं अशा थाटात. दादाचं हसू केव्हाच थांबलं होतं. बाबा कपातून वर बघत माझ्याकडं, आईकडं, पुन्हा माझ्याकडं बघत होते. त्यांच्या चेहऱ्यावर असं काही होतं जे मी तोवर पाहिलं नव्हतं. आज मी त्याला भीती म्हणेन.

आईनं मला मनगट धरून स्वयंपाकघरात नेलं. “बस झालं तुझं कॉलेज. त्यांच्यासमोर हळू बोलायचं नाही. समजलं?”

“काहून?”

“काहून म्हणजे? तुला माहीत नाही?”

आणि मला माहीत होतं. तेच तर भयंकर होतं. त्या क्षणी मला समजलं की बाबांना मागून कधी कुणी हाक मारत नाही, आपण वळसा घालून पुढं जातो. दार वाजलं की दादा त्यांच्याकडं तोंड करून “दार वाजलं वाटतं” म्हणतो, म्हणजे घरच्या कर्त्यासारखं त्यांनीच उठून उघडावं. पाहुणा काही बोलला की आई ते पुन्हा आपल्या तोंडानं म्हणते. रेडिओवरच्या बातम्याही ती चघळून चघळून सांगते, आणि बाबा म्हणतात, “रेडिओचा काय भरोसा, उद्या पेपरात बघू.” आम्ही सगळे त्यांच्या उजव्या अंगाला बसतो, कारण डावा कान गेलाय. हे कुणी कुणाला शिकवलं नव्हतं. मी सहा-सात वर्षं रोज ते करत होते आणि त्याला नागपूरकडची पद्धत समजत होते.

“डावाच गेलाय,” आई म्हणाली. “उजवा चांगला हाय. पण फॅक्टरीला कळलं तर घणावरून काढतील. झाकली मूठ सव्वा लाखाची. समजलं ना?”

समजलं होतं. घणावरून काढलं तर बाबांकडं काय उरलं असतं? आवाजावरून ठोका ओळखणारा मिस्त्री ही त्यांची सारी ओळख होती. त्या वेळी मी काय करायला हवं होतं हे आज कुणीही सांगेल. वही चुलीत घालायला हवी होती.

मी रात्री वहीत सगळं टिपलं आणि त्यावरून निबंध लिहिला. रडत लिहिला, पण लिहिला, आणि लिहिताना एकीकडं मला हेही ठाऊक होतं की हा वर्गातला सगळ्यात चांगला निबंध होणार. घराचं नाव, गल्ली, काही घातलं नाही. पण ‘हॅमर शॉप’ हे दोन शब्द घातले, कारण सर म्हणायचे, बारकावा लिहा, बारकाव्याशिवाय समाजशास्त्र म्हणजे नुसतं प्रवचन. सरांनी निबंध वर्गात वाचला. नाव न सांगता वाचला, पण पंधरा जणांच्या वर्गात फॅक्टरीतल्या मिस्त्र्याची पोरगी एकच होती. वाचून झाल्यावर सरांनी चष्मा काढून कोटाच्या बाहीनं पुसला. मला अभिमान वाटला. तो अभिमान मी आजवर कुणापुढं कबूल केलेला नाही.

वर्गातल्या एका मैत्रिणीचे वडील फॅक्टरीच्या दवाखान्यात नोकरीला होते. तिनं घरी जेवताना सांगितलं, एका घरातली माणसं आपल्या बापावर किती माया करतात बघा, म्हणून. कौतुकानंच सांगितलं. तिला मी कधी दोष दिला नाही. मी सांगितलं नसतं तर ती काय सांगणार होती?

डिसेंबर लागला आणि लढाई सुरू झाली. आमच्या गावावर बॉम्ब पडणार ही सगळ्यांची खात्री, कारण इतक्या फॅक्टऱ्या एका ठिकाणी. ओमतीत काळा कागद मिळेनासा झाला. आम्ही खिडक्यांना वर्तमानपत्रांचे जाड थर चिकटवले. दिवेलागणीला भोंगा वाजायचा की सगळी वसाहत काळी व्हायची, आणि पोरं गल्लीतून “बत्ती बुझाओ” ओरडत फिरायची. त्या अंधारात आम्ही एका खोलीत बसायचो. आई चाचपून वाटाणे सोलायची, दादा लढाईच्या गप्पा मारायचा, मी मधे मधे बोलायचे. बाबा बाजेवर बसून असायचे आणि एक शब्द बोलायचे नाहीत. आम्ही काही विचारलं तर म्हणायचे, “असू दे.” आई हळूच म्हणायची, “लढाईचा घोर लागलाय त्यांना.”

त्याच आठवड्यात बाबांना दवाखान्यात कानाच्या तपासणीला बोलावलं. सोबत दादा गेला. वर्षाच्या तपासणीत बाबा नेहमी पास व्हायचे. डॉक्टर समोर बसून तेच चार प्रश्न विचारायचे आणि बाबा तीच चार उत्तरं द्यायचे. या वेळी डॉक्टर म्हणाले, भिंतीकडे तोंड करून उभे राहा. दादाला दारातून दिसत होतं. डॉक्टर मागून काही विचारत होते आणि बाबा भिंतीकडे बघत उभे होते, हात मांड्यांना लावून, परेडला उभे असल्यासारखे. शेवटी कंपाउंडरनं त्यांच्या खांद्याला हात लावला तेव्हा ते वळले. “डॉक्टर लय हळू बोलून राहिले होते,” दादा आईला म्हणाला. “मलाही दारात ऐकू नव्हतं येत.” आईनं मान हलवली. मीही हलवली.

बाबा नुसतं एवढंच म्हणाले, “डावा गेला म्हणतात. उजवा ठीक हाय.” कागदावर एक ओळ होती, शॉपच्या कामाला अयोग्य. लढाई ऐन भरात आणि त्यांना घणावरून काढून हत्यारांच्या खिडकीवर बसवलं. कामगारानं पितळी बिल्ला द्यायचा, ह्यांनी तो खिळ्याला अडकवून पाना नाहीतर कानस द्यायची. मागायचं काय ते चिठ्ठीवर लिहिलेलं असे. जाताना शॉपमधल्या कुणी त्यांचा निरोपसमारंभही केला नाही, कारण तेवढा वेळच कुणाला नव्हता.

एक गोष्ट सांगायला हवी. त्या शॉपमध्ये डोक्यावरून क्रेन जायची आणि तिची घंटा वाजली की खालच्यांनी बाजूला व्हायचं. बाबांना ती घंटा ऐकू येत नव्हती. ते आज ना उद्या क्रेनखाली आले असते, किंवा त्यांच्या चुकीनं दुसरं कुणी. पुढं मी कॉलेजात तीस वर्षं समाजशास्त्र शिकवलं, आणि माझ्या मनाला ही समजूत मी शंभरदा घातली आहे. ती खरी आहे. तिचा मला काडीचा उपयोग झाला नाही. मी त्यांचा जीव वाचवायला लिहिलं नव्हतं, मार्कांसाठी लिहिलं होतं.

आईला निबंधाचं कळलं ते मैत्रिणीच्या आईकडून, देवळात. ती मला रागावली नाही. म्हणाली, “आपलेच दात, आपलेच ओठ. कोणाला सांगू?” आणि मग म्हणाली, “त्यांना सांगू नको. फॅक्टरीनं केलं असंच राहू दे.”

पण मला राहवेना. त्याच संध्याकाळी भोंगा झाला, दिवे गेले. आई शेजारी गेली होती, दादा गल्लीतल्या पोरांबरोबर बाहेर. बाबा बाजेवर बसले होते. मी चाचपत गेले आणि त्यांच्या उजव्या बाजूला, अगदी कानाशी बसले. म्हणाले, “बाबा, फॅक्टरीनं नाही, मी केलं.” सगळं सांगितलं. पाहुणी झाले ते, वही, निबंध, सरांनी वाचला ते, मला अभिमान वाटला तेसुद्धा. मोठ्यानं सांगितलं, शेजारी ऐकू गेलं तरी चालेल म्हणून सांगितलं. मग मला हुंदका आला आणि मी त्यांच्या गुडघ्यावर डोकं ठेवलं. त्यांनी माझ्या केसांवर हात ठेवला आणि म्हणाले, “असू दे, बेटा. असू दे.”

निबंधानंतर मी वही उघडली नव्हती, ती आता उघडली. सकाळी त्यात शेवटची ओळ लिहिली, ‘काल अंधारात बाबांना सगळं सांगितलं. असू दे म्हणाले.’ वही फडताळात टाकली आणि पुन्हा कधी बघितली नाही. बापानं क्षमा केली, आता जगाचं काय, असं मला वाटलं. त्या दोन शब्दांवर मी लग्न केलं, पोरं वाढवली, नोकरी केली. वर्गात पाहुण्याचा गृहपाठ मात्र कुणालाही दिला नाही.

बाबा रिटायर झाले आणि त्यांनी जबलपुरातच मदन महालकडं दोन खोल्यांचं घर घेतलं. मी भोपाळला होते. वर्षातून दोनदा माहेरी जायची. मी गेले की बाबा स्वतः उठायचे, एक खुर्ची खिडकीशी ओढायचे, मला तिथं बसवायचे आणि समोर स्वतः बसायचे. “इकडं उजेडात बस. हां. बोल आता, बेटा.” म्हाताऱ्या माणसांना खिडकी आवडते. मी बोलायचे, मोठ्यानं, सवयीनं. ते माझ्या तोंडाकडं एकटक बघत ऐकायचे. मी थांबले की थोडा वेळ तसेच बघत राहायचे आणि मग म्हणायचे, “अजून?”

ते गेले त्याला आता बरीच वर्षं झाली. तेराव्यानंतर आईनं त्यांची पत्र्याची पेटी माझ्यापुढं सरकवली. ती अजूनही ओरडूनच बोलते, घरात ती एकटी असते तरी. पेटीत त्यांचा पितळी बिल्ला होता, दोन चष्मे होते आणि माझी वही होती. लग्नात क्वार्टरमध्येच राहून गेलेली.

त्यांनी ती वाचली होती. नुसती वाचली नव्हती, तपासली होती, तयार माल तपासतात तशी, ओळीओळीनं, शॉपमधल्या लाल पेन्सिलीनं. ‘मागून हाक मारत नाही’, बरोबरची खूण. ‘दार वाजलं वाटतं’, बरोबर. ‘रेडिओचा काय भरोसा’, बरोबर. म्हणजे आमचं सगळं नाटक त्यांना ठाऊक होतं आणि त्यात ते आपला भाग रोज चोख करत होते. मग एका ओळीवर काट मारलेली. मी लिहिलं होतं, ‘डावा कान गेला आहे, उजव्यानं ऐकू येतं.’ त्यावर काट आणि बाजूला त्यांचं ठसठशीत अक्षर, ‘उजवाही गेला आहे. तोंड पाहून समजते. हिच्या आईला सांगू नये.’

मी भिंतीला टेकून बसले. आमचं ओरडणं, उजव्या बाजूला बसणं, सगळं फुकट. ब्लॅकआउटमधला घोर लढाईचा नव्हता. घणाचा ठोका त्यांना तळपायांतून कळत असणार. आणि तेव्हा कुठं मला शेवटच्या पानाची आठवण झाली. मी ते पान काढलं.

‘काल अंधारात बाबांना सगळं सांगितलं. असू दे म्हणाले.’

तिथं बरोबरची खूण नव्हती. काटही नव्हती. खाली लिहिलं होतं, ‘अंधारात काही समजले नाही. पोरगी रडत होती म्हणून म्हणालो. आता वाचले. उजेडात सांगेल तेव्हा ऐकेन.’

त्याखालची जागा कोरी होती. मी पानं उलटून पुढं बघितलं, पुठ्ठ्यापर्यंत बघितलं. ‘असू दे’ कुठंही लिहिलेलं नव्हतं.

मग मला ती खुर्ची आठवली. वर्षातून दोनदा, इतकी वर्षं, ते मला खिडकीशी बसवत होते, समोर बसून माझ्या तोंडाकडं बघत होते, “बोल आता” म्हणत होते, आणि मी थांबले की “अजून?” विचारत होते. आणि मी त्यांना पोरांचे मार्क आणि भोपाळची थंडी सांगत बसायची.